बाबांच्या सागवानी बाकड्याला तेल देताना

टिळकवाडीतल्या आमच्या अंगणात, चिकूच्या झाडाखाली, बाबांचं सागवानी बाकडं आहे. खानापूरकडचं जुनं घर उतरवलं तेव्हा निघालेल्या तुळयांतून त्यांनी ते करून घेतलं. बेळगावचा पाऊस सोसून ते राखाडी पडलं, तेव्हा लाकूड गेलं असंच मला वाटलं. पण उन्हापावसानं फक्त वरचा पातळ थर मरतो. नखानं जरा खरवडलं तर आत तोच पिवळसर तपकिरी साग.

दोन वर्षांपूर्वी मी मे अखेरीस घाण्यावरचं जवसाचं तेल आणून बाकड्याला सढळ हातानं चोपडलं. चटणीचं जवस चांगलं, तर तेलही चांगलंच असणार, असा हिशेब. आठ दिवस झाले तरी हात लावला की चिकटायचं. त्यावर धूळ बसली आणि जुलैत काळ्या बुरशीचे ठिपके उठले. फार वाईट वाटलं.

यंदा मार्चमध्ये ओळखीच्या सुतारमामांना दाखवलं. ते म्हणाले, "पोरी, लाकडाला पाजायचं असतं, माखायचं नसतं." जवसाचं तेल पाण्यासारखं उडून वाळत नाही, हवेतला ऑक्सिजन घेऊन घट्ट होतं. कच्च्या तेलाला त्यासाठी कितीतरी दिवस लागतात, आणि जाड थर तर नुसता चिकट राहतो. रंगाच्या दुकानात 'डबल बॉईल्ड' मिळतं, त्यात लवकर वाळायची औषधं घातलेली असतात. (ते खायचं नाही, डबा स्वयंपाकघरापासून लांब ठेवा.) दुकानदार कन्नड बोलणारे. मी "अगसी एण्णी" म्हटल्याबरोबर डबा पुढे आला.

आधी साबणाच्या पाण्यानं, मऊ ब्रशनं बाकडं धुतलं आणि तीन दिवस सावलीत सुकवलं. मग पॉलिश पेपर, आधी ८० नंबर, मग १२०, शेवटी २२०. घासायचं ते लाकडाच्या रेषांच्या दिशेनंच. आडवं घासलेले ओरखडे तेल लागल्यावर उठून दिसतात. बुरशीचे डाग काढताना माझे दोन दिवस गेले, पण भुसा पुसल्यावर सागाचा वास आला आणि जुन्या घराची माडी आठवली.

पहिल्या हाताला तेल आणि टर्पेंटाईन निम्मं निम्मं. सुती फडक्यानं लावायचं, पंधरा-वीस मिनिटं थांबायचं आणि वर राहिलेलं सगळं कोरड्या फडक्यानं पुसून काढायचं. हे पुसणंच मी तेव्हा केलं नव्हतं. एक दिवस मध्ये ठेवून असे तीन हात दिले. उन्हात मात्र नाही, तेल मुरायच्या आत चिकट होतं.

पायांची टोकं विसरू नका. तिथं लाकडाच्या नळ्या उघड्या असतात आणि पाणी तिथूनच वर चढतं. बाकडं उलटं करून मी टोकांना पुरेल तेवढं तेल पाजलं आणि पायांखाली शहाबादी फरशीचे तुकडे ठेवले.

तेलाच्या फडक्यांबद्दल मामांनी दोनदा बजावलं. बोळा करून कोपऱ्यात टाकलेलं फडकं आतल्या आत तापतं आणि आपोआप पेटू शकतं. मी ती पाण्याच्या बादलीत बुडवली, मग अंगणात एकेक करून पसरून वाळवली.

आता पाऊस सरल्यावर, दिवाळीच्या आधी, बाकडं धुऊन एक पातळ हात द्यायचा आहे. अर्धा डबा शिल्लक आहे.