तहानलेल्या अर्गोसचे वीर

कोल्हापूरच्या टाऊन हॉल म्युझियममध्ये पोसायडनची एक लहानशी ब्राँझची मूर्ती आहे. पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरी टेकडीवरच्या खोदकामात ती मिळाली. रोमन व्यापाराच्या काळात ती समुद्रमार्गे कोकणात उतरून घाट चढून आली असणार. शाळेच्या सहलीत मी ती पहिल्यांदा पाहिली, आणि समुद्राचा हा ग्रीक देव आमच्या नदीकाठी काय करत होता, हा प्रश्न तेव्हापासून मनात घर करून बसला. यंदा एप्रिलमध्ये मी आणि ताई त्याच्याच मुलखात चार दिवस राहून आलो.

मुलूख म्हणजे दक्षिण ग्रीसच्या पेलोपोनीस द्वीपकल्पातलं अर्गोसचं खोरं. तीन बाजूंनी डोंगर, चौथीकडे आखात, मध्ये संत्र्यांच्या बागा. अथेन्सहून गाडीनं निघालं की कॉरिंथचा कालवा ओलांडून अडीचेक तासांत नाफ्प्लिओला पोचता येतं. आम्ही मुक्काम तिथेच ठेवला. एप्रिलात संत्र्यांना बहर असतो. खिडकी उघडली की खोलीभर वास. पर्सियस, हेराक्लीस, आगामेम्नॉन हे ग्रीक पुराणातले वीर सगळे या एवढ्याशा खोऱ्यातले. पश्चिमेच्या डोंगरापासून पूर्वेच्या डोंगरापर्यंत गाडीनं तासभरही लागत नाही.

पहिल्याच सकाळी इनाखोस नदी लागली. नदी म्हणजे नुसते गोटे. ग्रीक महाकवी होमरनं अर्गोसला ‘फार तहानलेलं’ म्हटलंय, आणि त्याचं कारण पुराणात असं: हे खोरं कुणाचं यावरून देवी हेरा आणि पोसायडन यांच्यात वाद झाला. इथल्या नद्यांनीच निवाडा केला आणि कौल हेराला दिला. पोसायडननं रागानं त्यांचं पाणी काढून घेतलं. पाऊस पडला तरच वाहायचं, एरवी कोरडं. ताई गाडीतून उतरून पात्राकडे बघत राहिली. म्हणाली, “अगं, आपल्याकडे माणदेशात अशाच आहेत की.” खरंच होतं.

त्या क्षणापासून मी प्रत्येक वीराच्या कथेत पाणी शोधायला लागले, आणि ते सापडतच गेलं.

मायसिनी या प्राचीन गडाचं सिंहद्वार सगळ्यांनी फोटोत पाहिलेलं असतं. इसवी सनपूर्व १२५०च्या सुमाराचं. वरची आडवी शिळा एकटीच वीसेक टनांची. दोन्ही सिंहांची डोकी मात्र गेलेली आहेत. आत शिरताच उजव्या हाताला राजघराण्याच्या थडग्यांचं वर्तुळ. जर्मन संशोधक श्लीमाननं १८७६ साली ते खणलं आणि सोन्याचा मुखवटा आगामेम्नॉनचा ठरवून टाकला. मुखवटा ट्रॉयच्या युद्धाच्या परंपरागत काळापेक्षा सुमारे तीनशे वर्षांनी जुना आहे, हे आता माहीत आहे. तरी त्या जागी उभं राहिल्यावर मुलीचा बळी देऊन युद्धाला निघालेला आणि परत आल्यावर बायकोच्या हातून मेलेला राजा आठवल्याशिवाय राहत नाही. मला आगामेम्नॉनबद्दल कधीच प्रेम वाटलं नाही. त्या मुलीसाठी, इफिजेनियासाठी, मात्र तिथे जीव कळवळला.

माझा पाय अडकला तो पुढे, गडाच्या ईशान्य टोकाला. तिथे तटाखालून एक जिना जमिनीच्या पोटात उतरतो. वर निमुळती होत गेलेली दगडी कमान, खाली अठराएक मीटरवर टाकं. बाहेरच्या झऱ्याचं पाणी मातीच्या नळांनी त्यात आणलेलं होतं, म्हणजे वेढा पडला तरी गड तहानेनं पडू नये. जिथपर्यंत जाऊ देतात तिथपर्यंत आम्ही उतरलो. गार ओलसर हवा अंगावर आली आणि आपल्याकडची बारव आठवली. मायसिनीच्या नावाची, दुसऱ्या शतकातल्या पॉसानियस या ग्रीक प्रवाशानं सांगितलेली एक कथा अशी की पर्सियस तहानेनं व्याकुळ झाला, त्यानं जमिनीतलं एक अळंबं उपटलं आणि तिथून पाणी उसळलं. अळंब्याला ग्रीकमध्ये मिकेस म्हणतात. मेडुसाचं डोकं उडवणारा, अँड्रोमिडाला समुद्रातल्या राक्षसाच्या तावडीतून सोडवणारा हा वीर. आणि त्याच्या राजधानीचा पाया घातला गेला तो ओंजळभर पाण्यावर! पॉसानियस आला तेव्हा मायसिनी ओस पडलं होतं, पण पर्सियसच्या नावाचा झरा त्यानं नोंदवून ठेवलाय.

नेमियाला आम्ही गेलो हेराक्लीसच्या सिंहासाठी. त्याच्या कातड्यात शस्त्र शिरत नसे, म्हणून हेराक्लीसनं गुहेचं एक तोंड बुजवलं, आत शिरून त्याचा गळा आवळला आणि त्याच्याच नखांनी त्याला सोललं. पण नेमियात मनात राहिला तो सिंह नाही, एक तान्हं मूल राहिलं. राजाच्या या मुलाचं नाव ऑफेल्टिस. चालायला लागेपर्यंत याला जमिनीवर ठेवू नका, असा देववाणीचा इशारा होता. थेबेसवर निघालेलं अर्गोसचं सैन्य तहानलेलं तिथे पोचलं. पाणी कुठे मिळेल, असं त्यांनी दाई हिप्सिपिलीला विचारलं. झरा दाखवण्यापुरतं तिनं बाळाला रानअजमोद्याच्या गादीवर ठेवलं. तेवढ्यात नागानं त्याला मारलं. नेमियाचे खेळ सुरू झाले ते त्या बाळाच्या नावानं. विजेत्याला रानअजमोद्याचा मुकुट मिळे आणि पंच सुतकाचे काळे कपडे घालत. झिउसच्या देवळाजवळ त्या बाळाच्या स्थानाचं कुंपण अजून दाखवतात. सुमारे छत्तीस मीटरच्या बोगद्यातून आम्ही स्टेडियममध्ये गेलो. खेळाडूंनी भिंतीवर कोरलेली नावं ताईनं बोटानं चाचपली, आणि बराच वेळ आम्ही दोघी काहीच बोललो नाही.

टिरिन्स नाफ्प्लिओपासून चार किलोमीटरवर. गर्दी नाही, दुकानं नाहीत. तटाचे दगड इतके प्रचंड की ते एकडोळ्या सायक्लोप्सनी रचले असं ग्रीकांना वाटे. पॉसानियसनं तर त्यांची तुलना पिरॅमिडशी केली. हेराक्लीस इथे राहिला, पण राजा म्हणून नाही. हेरानं पाठवलेल्या वेडाच्या भरात त्यानं स्वतःच्या मुलांना मारलं होतं. त्याचं प्रायश्चित्त म्हणून त्याला राजा युरिस्थियसची चाकरी करायची होती. हा मालक असा भित्रा की जिवंत रानडुक्कर खांद्यावर घेऊन हेराक्लीस आला तेव्हा तो पितळी रांजणात जाऊन लपला. हेराक्लीसची ताकद लहानपणापासून ऐकत आले होते. त्या तटाच्या सावलीत पहिल्यांदा कळलं की त्याच्या सगळ्या पराक्रमांच्या मुळाशी पोरं गमावलेल्या बापाचं दुःख आहे. तटाच्या आतल्या कमानदार ओवऱ्यांमध्ये पुढे शतकानुशतकं मेंढरं बसायची; त्यांच्या अंगानं घासून दगड खालच्या बाजूला गुळगुळीत झालेत. इथेही तटाखालून पाण्याकडे जाणारी भुयारं आहेतच. शिवाय गावात पूर येतो म्हणून त्या काळच्या लोकांनी पूर्वेला बांध घालून ओढ्याचं पात्रच वळवलं होतं. आणि हेराक्लीसनं राजा ऑजियसचे गोठे कसे धुतले? नद्या वळवून. टिरिन्सच्या माणसांना ही गोष्ट सांगताना कुणालाच नवल वाटलं नसेल.

शेवटचा दिवस लेर्नाचा. आखाताच्या पश्चिम काठावर मिली नावाचं गाव आहे, त्याच्या कडेला. उत्खननात सापडलेलं साडेचार हजार वर्षांपूर्वीचं कौलारू घर छपराखाली जपलंय. भाजलेल्या कौलांचे ढीग पाहताना ताईला कोकणातलं आजोळ आठवलं. इथल्याच दलदलीत हायड्रा होती. हायड्रा म्हणजे पाणसापच. हेराक्लीसनं एक मुंडकं तोडलं की दोन फुटायची. त्याचा पुतण्या आयोलाउस यानं मशालीनं मानेला डाग दिला तेव्हा कुठे ती थांबली. पुतण्याची मदत घेतली म्हणून युरिस्थियसनं हा पराक्रम हिशेबात धरलाच नाही. एका बाजूनं दाबावं तर दुसरीकडून फुटणारं पाणी मला त्या नऊ मुंडक्यांत स्वच्छ दिसलं. पण याच लेर्नात पोसायडननं रागाची भरपाईही केली. दुष्काळात पाणी शोधायला निघालेल्या अमीमोनीसाठी त्यानं त्रिशूळ मारून झरा काढून दिला.

तिथून काही किलोमीटर दक्षिणेला किवेरी गाव. इथे गोडं पाणी थेट समुद्रात उसळतं. आर्केडियाच्या उंच पठारावर मुरलेलं पाणी चुनखडीच्या पोटातून येऊन खाऱ्या पाण्याखाली फुटतं. प्राचीन काळी अर्गोसचे लोक पोसायडनसाठी लगाम चढवलेले घोडे या झऱ्यात सोडत, असं पॉसानियसनं लिहिलंय. आता समुद्रातच अर्धवर्तुळाकार भिंत घालून गोडं पाणी वेगळं केलंय आणि कालव्यांनी ते खोऱ्यात नेलंय. विहिरी उपसून उपसून खाऱ्या झाल्या होत्या. बागांना आधार या पाण्याचा.

भिंतीच्या एका बाजूला गडद निळं आखात, दुसऱ्या बाजूला हिरवट, बुडबुड्यांनी थरथरणारं पाणी. ताईनं वाकून दोन्हीकडचं चाखलं. “हे आपलं, ते त्याचं,” ती म्हणाली, आणि ओल्या हातानं मला कालव्याची दिशा दाखवली. नाफ्प्लिओकडे परतताना तो कालवा बराच वेळ आमच्या सोबतीला होता. बागेत एक म्हातारे आजोबा फावड्यानं पाटाचं तोंड फोडत होते, आणि पाणी बहरलेल्या झाडांच्या आळ्यांमध्ये शिरत होतं.