किनुयोचा गॉगल

जेवण झाल्यावर मोबाईलवर काहीबाही बघत लोळायची सवय वाईट, पण आहे. परवाची दुपार अशीच किनुयो तानाका या जपानी नटीने खाल्ली.

1924 साली, चौदाव्या वर्षी ती मूकपटात आली. पडद्यावर बायकांची कामं पुरुषांनी करायची रीत तिथे तेव्हा नुकती मोडत होती. आपल्याकडे तरी काय, फाळक्यांची तारामती म्हणजे अण्णा साळुंकेच! 1931 मध्ये जपानचा पहिला खरा बोलपट आला, त्यातली बायको हीच. लोकांनी तिला डोक्यावर घेतलं. मग युद्ध. 1949 साली सदिच्छा भेटीवर अमेरिकेला गेली ती किमोनोत. जानेवारीत परतली ती गॉगल लावून, जमलेल्या गर्दीला फ्लाइंग किस देत. झालं! पेपरवाल्यांनी सोलून काढली.

आमच्या वाड्याच्या मालकांची धाकटी सून परदेशी राहून आली, तेव्हा अशीच रिक्षातून गॉगल लावून उतरली होती. नळाखालचे हंडे भरून वाहत होते, पण लक्ष कुणाचं होतं? "डोळे आलेत वाटतं हिचे," आजी मुद्दाम मोठ्यांदा म्हणाली. आम्ही पोरं खिदळलो. तिच्या डोळ्यांवर तो गॉगल मी पुन्हा कधी पाहिला नाही.

किनुयो मात्र खमकी. 1952 मध्ये दिग्दर्शक मिझोगुचीच्या सिनेमातली ओहारू झाली: सरदारघरातल्या तरुण पोरीपासून रस्त्यावर गिऱ्हाईक शोधणाऱ्या उतारवयातल्या बाईपर्यंत, सगळं एकाच चेहऱ्यावर. पुढच्याच वर्षी स्वतः दिग्दर्शनात उतरली. बाईने दिग्दर्शन करावं हे खुद्द मिझोगुचीला रुचलं नाही. दुसरा नावाजलेला दिग्दर्शक ओझू, त्याने मात्र तिच्या दुसऱ्या चित्रपटाला पटकथा दिली. एकूण सहा चित्रपट केले तिने.

आणि 1958 साली ‘नारायमा’ सिनेमातली, अन्नाची टंचाई असलेल्या गावातली म्हातारी. सत्तरीला टेकली तरी दात शाबूत म्हणून लाजणारी, ते दगडावर आपटून पाडणारी. किनुयो तेव्हा पन्नाशीचीही नव्हती. त्या भूमिकेसाठी तिने स्वतःचे पुढचे दात काढून घेतले म्हणतात. यावर मात्र नुसती वाहवा. बाईने गॉगल चढवला तर बोंब, दात उपटले तर टाळ्या!

जाऊ दे. तो सिनेमा मी अजून पुरता पाहिलेला नाही. दगडाचा प्रसंग आला की आवाज बंद करते, तेवढ्यात चहाची वेळ होते.