नकाशा नको, पंचांग काढ

दर रविवारी संध्याकाळी आम्ही चौघं माझ्या घरी रोल-प्लेइंग गेम खेळतो, म्हणजे फासे, कागद, खारे शेंगदाणे आणि शेजारी बेल वाजवेपर्यंत आरडाओरडा. जग रचायचं काम माझ्याकडे. यंदाच्या जगात खाली जमीनच नाहीये, नुसते ढग आणि त्यावर तरंगणारी बेटं, आणि बेटांचे नकाशे काढून पोट भरणारी नभमोजणी मंडळी. मला लहानपणापासून नकाशांचं वेड, त्यामुळे राजे, राक्षस वगैरे दोन रात्रीत उरकले आणि मंडळींवर महिना घालवला. मोठ्या ड्रॉइंग पेपरवर 41 बेटं काढली, काळ्या शाईने, कोपऱ्यात छान होकायंत्र.

पहिल्याच रविवारी आमचा नावाडी (गेममध्ये नावाडी, एरवी अकाउंटंट) म्हणतो, "वारा आहे ना रे तुझ्या जगात? मग मागच्या वेळी पूर्वेला असलेलं बेट आज पण पूर्वेलाच कसं काय, नांगर टाकलाय का?"

झालं. महिन्याची मेहनत पाण्यात, आणि वाईट म्हणजे त्याचं बरोबर होतं.

मग मी खऱ्या मोजणीवाल्यांबद्दल वाचत बसलो. 1802 मध्ये भारताची मोजणी करायला निघालेल्या लॅम्बटन नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने मद्रासजवळ साडेसात मैलांची एक सरळ रेघ मोजली, साखळी टाकत टाकत, आणि तेवढ्याला 57 दिवस लागले! पण तो एक पाया पक्का झाला की पुढे साखळीची फार गरज नाही, नुसते कोन मोजत त्रिकोणावर त्रिकोण रचत जायचं. कोन मोजायचा थिओडोलाइट अर्धा टन वजनाचा, 1808 मध्ये तंजावरच्या मंदिरावर चढवताना दोर तुटून तो आदळला आणि लॅम्बटनने स्वतः बसून तो दुरुस्त केला. हा प्रसंग मी मंडळींच्या इतिहासात सरळ ढापलाय, फक्त मंदिराच्या जागी ढगातली घंटा.

पण माझ्या बेटांवर साडेसात मैल आणायचे कुठून? सगळ्यात मोठं बेट दोन किलोमीटरचं. एवढ्याशा पायावरून शंभर किलोमीटरवरचं बेट मोजायला गेलो आणि कोनात एका मिनिटाची, म्हणजे अंशाच्या साठाव्या भागाची चूक झाली, की अंतर दीड किलोमीटरने चुकतं (कॅल्क्युलेटरवर तीनदा केलं, तेवढंच येतं). 1865 मध्ये ब्रिटिशांसाठी गुपचूप मोजणी करायला तिबेटकडे निघालेला नैनसिंग चालताना पावलं मोजायला 108 ऐवजी 100 मण्यांची माळ ठेवायचा, पण इथे पाऊल टाकलं की माणूस ढगातून खाली. उंची तेवढी सोपी निघाली. पाणी उकळायचं आणि थर्मामीटर बुडवायचा, साधारण दर 300 मीटरला उकळबिंदू एक अंशाने खाली येतो. त्यामुळे मंडळींच्या प्रत्येक मोजणीदाराच्या कमरेला किटली असते, आणि वरच्या बेटांवरचा चहा कधीच नीट उकळत नाही ही त्यांची कायमची तक्रार.

तरी बेटं हलतात त्याचं काय, हा प्रश्न तसाच. तो सुटला स्वयंपाकघरात. संकष्टी होती, आई भिंतीवरच्या कालनिर्णयात चंद्रोदय बघत होती, आणि माझी ट्यूब पेटली. चंद्र रोज जागा बदलतो पण चंद्र कुठे राहतो याचा नकाशा कोणी मागतं का? आपण वेळ बघतो! मंडळींनी नकाशे काढायचेच नाहीत, पंचांग काढायचं. अमुक तिथीला अमुक बेट ह्या दिशेला, इतक्या उंचीवर, इतक्या वाजता दिसेल. वारे गोल फिरतात असं धरलं की बेटं पण फेरी मारून परत येतात, कोष्टकं बसतात.

आणि पंचांग आलं म्हणजे भांडण आलंच. आपल्याकडे जुन्या गणिताचे ग्रह आकाशात दिसणाऱ्या ग्रहांशी जुळेनात म्हणून गणिताचे प्राध्यापक केरो लक्ष्मण छत्र्यांनी नवं पंचांग काढलं, पुढे टिळकांनी तो विषय उचलून धरला, आणि अजूनही अधिक मास वेगळा पडला की टिळक पंचांगवाल्या घरांत गणपती वेगळ्याच महिन्यात बसतो. माझ्या मंडळींत पण आता दोन गट आहेत. कोष्टकवाले म्हणतात पूर्वजांचं गणित चुकत नाही, बेटच उशीर करतंय. दुर्बीणवाले रोज रात्री बघून आकडे दुरुस्त करतात, त्यामुळे त्यांचं पंचांग तिप्पट महाग. दोघांचंही खरं उत्पन्न मात्र सावलीच्या दाव्यांतून येतं, कारण आकाशात बांध नसतो, पण वरच्या बेटाची सावली खालच्याच्या भातावर पडते आणि किती घटका पडली ते मोजून द्यायला मोजणीदारच लागतो. बांधावरची भांडणं बघत वाढलेल्या माणसाला हे वेगळं सुचावं लागत नाही.

गेल्या रविवारी नावाड्याने पैसे वाचवायला कोष्टकवाल्यांचं पंचांग घेतलं. अकाउंटंटच शेवटी. तीन दिवसांचं पाणी घेऊन निघाला, बरोबर तिथीला बरोबर जागी पोचला, समोर नुसता ढग.

"बेट कुठंय?"

मी म्हणलं, तुझ्याच पंचांगात बघ.

त्याने खरंच पान उलटून बघितलं, मग सगळे शेंगदाणे स्वतःकडे ओढून घेतले आणि म्हणाला, आता पुढच्या रविवारी.