शिरीन आणि नॉइसच्या आजी

जर्मनीतल्या कोलोन शहरातल्या एका छोट्या थिएटरात मी प्रोजेक्टर चालवतो. त्या दिवशी ‘शिरिन्स होखत्साइट’, म्हणजे ‘शिरीनचं लग्न’, हा चित्रपट दाखवायचा होता. दिग्दर्शिका हेल्मा सांडर्स-ब्राम्सचा हा कृष्णधवल चित्रपट १९७६ साली वेडेएर (WDR) या जर्मन टीव्ही वाहिनीवर दाखवला गेला. ज्याच्याशी लग्न ठरलेलं त्या महमूदला शोधत तुर्कस्तानातल्या आनातोलियातली शिरीन कोलोनला येते आणि इथे तिचं वाटोळं होतं. तेव्हा उजव्या तुर्की गटांनी एवढं रान उठवलं की नायिका आयतेन एर्तेनला जिवे मारण्याच्या धमक्या आल्या.

आमच्याकडे आलेली प्रत १६ मिमीची, आणि आवाज वेगळ्या चुंबकीय पट्टीवर. टीव्हीच्या कामात तेव्हा असंच चालायचं. चित्र एका मशीनवर, आवाज दुसऱ्यावर, दोन्ही बरोबरीने पळवायची, सेकंदाला २५ फ्रेम. पट्टीला व्हिनेगरचा वास येत होता. पट्टीचं ॲसिटेट प्लास्टिक सडायला लागलं की येतो तसा.

दुपारच्या चाचणीत आधी सगळं सुरळीत वाटलं. वाटणारच! या चित्रपटात मेलेली शिरीन आणि दिग्दर्शिका पडद्याबाहेरून एकमेकींशी बोलतात. ओठच दिसत नाहीत, तर आवाज चुकलाय हे कळणार कसं? मग समोरासमोरचं संभाषण आलं. ओठ आधी, शब्द नंतर. चित्राच्या फिल्मवर जुन्या जोडापाशी कुणीतरी फाटक्या फ्रेम कापून टाकल्या होत्या. जुळवून पाहिलं तर बारा, म्हणजे जवळजवळ अर्धा सेकंद. पट्टी कापणं सोपं होतं, पण आवाजाला कात्री लावायला माझा हात धजत नाही. चित्रातच तेवढी काळी फिल्म जोडली.

संध्याकाळी पुढच्या रांगा तुर्की आज्यांनी भरल्या. कामगार म्हणून आलेल्या त्या पिढीतल्या. एकजण म्हणाली, “तेव्हा आमच्या ह्यांनी टीव्ही लावू दिला नव्हता.”

चित्रपट संपल्यावर पाहुण्या प्राध्यापकांनी माइक घेतला, पण दुसऱ्या एका आजींनी त्यांना बोलूच दिलं नाही. “ही पोरगी सगळं मुकाट का सोसते? ७३ साली इथून जवळच्या नॉइस गावच्या कार्ब्युरेटर कारखान्यात आम्ही बायकांनी संप केला. सगळ्यात खालचा पगारगट बायकांच्याच माथी होता, तो रद्द करायला लावला. ते कुठे दाखवलंय?”

मला त्यांचं पटलं. शिरीनवर इतकं काही कोसळतं की ती माणूस कमी आणि उदाहरण जास्त होते. शेजारच्या बाईंना मात्र पटलं नाही. “तुम्ही शेकड्यांनी होतात. हिच्या बाजूला कोण होतं?”

मग भांडण तुर्कीत शिरलं. मला एक अक्षर कळेना, प्राध्यापकांनाही नाही. थिएटर बंद करायची वेळ टळून गेली, तरी कुणी उठायला तयार नव्हतं.