दहावी आली, तेच खूप झालं

सॅन मारिनो हा इटलीच्या पोटातला देश. लोकसंख्या ३३ हजारांच्या आसपास, म्हणजे आपल्याकडचं तालुक्याचं गाव. व्हॅलेंटिना मोनेट्टा ही तिथली जॅझ गाणारी बाई. देशाबाहेर तिला फारसं कुणी ओळखत नव्हतं. युरोव्हिजनला, म्हणजे युरोपातल्या देशांच्या दरवर्षीच्या गाण्याच्या स्पर्धेला, मात्र ती २०१२ पासून सलग तीन वर्षं गेली.

पहिल्याच वर्षी घोळ झाला. गाण्यात फेसबुकचं नाव होतं. स्पर्धेत जाहिरात चालत नाही, त्यामुळे नाव काढून गाणं पुन्हा द्यावं लागलं. बाकूला उपांत्य फेरीत ती चौदावी आली. पुढच्या वर्षी माल्मोला अकरावी. उपांत्य फेरीतून अंतिम फेरीत जातात फक्त दहा, त्यामुळे हे अकरावेपण जास्त झोंबतं.

स्पर्धेचे नियमही कडक. गाणं तीन मिनिटांच्या आत संपायलाच हवं. (आपल्याकडे एवढ्या वेळात तानपुरे लागतात.) रंगमंचावर जास्तीत जास्त सहा माणसं. वाद्यं रेकॉर्ड केलेली, मुख्य गाणं मात्र तिथेच प्रत्यक्ष गायचं. सभागृहातला आवाज ऐकून गायलं तर फसगत ठरलेली: ३४ मीटरवरच्या स्पीकरचा सूर कानावर येईपर्यंत सेकंदाचा दहावा भाग गेलेला असतो आणि गाणारा मागे पडतो. म्हणून कानात इअरपीस. तो बिघडला की स्वतःचा सूरच ऐकू येत नाही आणि गळा बेसूर होतो.

नवखे गायक चुकतात ते वेगळ्याच ठिकाणी. ज्युरी गुण देते ते आदल्या रात्रीच्या रंगीत तालमीवर, आणि गुणांत तिचं वजन निम्मं. ‘उद्यासाठी गळा राखू’ म्हणून तालमीत जो हात राखून गातो, तो टीव्हीवर दिसायच्या आधीच निम्मा हरलेला असतो. उरलेलं निम्मं प्रेक्षकांच्या फोनवर. स्वतःच्या देशाला मत देता येत नाही. मोठ्या देशांना परदेशी गेलेली आपली माणसं हात देतात. सॅन मारिनोची अशी माणसं असून असून किती असणार?

तरी २०१४ ला कोपनहेगनमध्ये उपांत्य फेरीत ४० गुण मिळवून मोनेट्टा दहावी आली. ३९ गुणांवर पोर्तुगाल बाहेर. सॅन मारिनो पहिल्यांदाच अंतिम फेरीत पोचला. तिथे १४ गुण, २६ जणांत चोविसावी.

२०१७ ला कीव्हला ती पुन्हा गेली, या खेपेला द्वंद्वगीत घेऊन. गुण मिळाला एक.