ग्लासगोत मी 'हेन' झाले

ग्लासगोला मावसबहिणीकडे जायचं ठरल्यावर जो तो लिस्ट देत होता, एडिनबराचा किल्ला बघ, लॉक लोमंडचं तळं बघ, आणि मी मात्र एका सिरियलपायी मेरीहिल नावाच्या साध्यासुध्या वस्तीत जायचं म्हणून अडून बसलेली. सिरियल म्हणजे बीबीसी स्कॉटलंडची विनोदी 'स्टिल गेम'. फोर्ड किअर्नन आणि ग्रेग हेम्पहिल या दोघांनी लिहिलेली, आणि त्यातले जॅक आणि व्हिक्टर हे दोन विधुर म्हातारेही तेच दोघं झालेत. 2002 मध्ये सुरू झाली तेव्हा किअर्नन चाळीसचा, हेम्पहिल तर जेमतेम बत्तीसचा! पण चालणं, कण्हणं, खुर्चीतून उठताना होणारा तो 'हुश्श', सगळं अस्सल.

क्वीन स्ट्रीटवरून लोकल पकडली. आभाळ भरलेलं, धड पाऊस नाही की उघडीप नाही, अशा हवेला तिथे 'ड्रीख' म्हणतात आणि बोलून बघा, शब्दच ओला लागतो. मेरीहिलला कालव्याची लॉक्स, म्हणजे बोटी वरखाली करायचे पाण्याचे दरवाजे आहेत, उतारावर पायऱ्यांसारखी एकाखाली एक, 1790 सालची. तिथे वाऱ्याने माझी छत्री उलटी केली आणि कुत्रा घेऊन चाललेले एक आजोबा थांबून म्हणाले, हरवलीस का, हेन?

हेन म्हणजे कोंबडी हो, पण तिथे बाईमाणसाला प्रेमाने असंच हाक मारतात.

मी म्हटलं, सिरियलमधला क्लॅन्समन पब शोधतेय. आजोबा जे हसायला लागले! मग दोनेक मिनिटं बोलले, त्यातलं मला एवढंच कळलं की तो पब खराखुरा नाहीच, सिरियल जिथे घडते ते क्रेगलँग नावाचं उपनगरही नाही, शूटिंग तेवढं इथे व्हायचं. हे मला माहीत होतं खरं तर, पण मन मानत नव्हतं.

संध्याकाळी क्लाईड नदीवर गेलो. एका काठावर बीबीसी स्कॉटलंडची काचेची बिल्डिंग आणि जवळजवळ समोर, पलीकडच्या काठावर हायड्रो हे भलंमोठं थिएटर. किअर्नन आणि हेम्पहिलची सगळी करिअर मला त्या दोन काठांमध्ये दिसली. 1997 मध्ये एडिनबरा फ्रिंज या नाट्यमहोत्सवात हेच म्हातारे घेऊन छोटं नाटक केलं, मग 'च्युइन द फॅट' हा स्केच शो रेडिओवरून टीव्हीवर आला, त्यातून स्वतंत्र सिरियल. 2007 नंतर दोघांचं फाटलं आणि सगळं बंद. आणि 2014 मध्ये परत एकत्र आले ते थेट या हायड्रोत, 21 प्रयोग! हजारो खुर्च्यांचं थिएटर आणि स्टेजवर दोन म्हातारे, आपल्याकडे एखाद्या नाटकाने बालगंधर्व भरलं तरी आपण पेढे वाटतो. मग टीव्हीवरही परतले आणि 2019 मध्ये सिरियल स्वतःहून संपवली, हे मला फार आवडलं, नाहीतर आपल्याकडच्या सिरियली.

रात्री बहिणीकडे जुने एपिसोड लावले. संवाद पक्के ग्लासगोचे, त्यामुळे मला सबटायटल लागतात, बहिणीला बारा वर्षांत गरज उरलेली नाही, ती आधी हसते आणि मी मागून. पण त्यात नवीद नावाचा दुकानदार आहे, संजीव कोहलीने केलाय, आणि त्याची बायको मीना, कॅमेऱ्याकडे कायम पाठ. ती आपल्या भारत-पाकिस्तानकडच्या बोलीत नवऱ्याला जे काही सुनावते ते वाचायच्या आधीच मी फुटले आणि शेजारी बसलेला बहिणीचा स्कॉटिश नवरा खालची ओळ वाचत राहिला.