गोलघुमटात राहून गेलेले दोन शब्द

सोलापूरच्या आमच्या घरात अभद्र बोललेले आजीला मुळीच खपत नसे. "वास्तू तथास्तू म्हणत असते," असे ती बजावायची आणि दिवेलागणीला कुणाच्या तोंडून वावगा शब्द गेलाच, तर त्याला चूळ भरून येऊन देवापुढे "शुभं भवतु" म्हणायला लावायची. त्यामुळे भिंतींना कान असतात हे कळण्याच्या आधीच त्यांना तोंडही असते अशी माझी खात्री झाली होती, आणि 1991 च्या दिवाळीच्या सुट्टीत विजापूरच्या गोलघुमटाने ती पक्की केली.

गुडघ्यांमुळे आजी खालीच, थडग्यांच्या चौथऱ्याजवळ बसली होती. आम्ही मुले वर गेलो आणि सज्जातून खाली डोकावताच माझा आतेभाऊ ओरडला, "मेलो!" घुमटाने तो शब्द इतक्या वेळा परत केला की, आम्ही खाली पोहोचलो तेव्हा आजीचा चेहरा पांढराफटक पडलेला होता. तिने काकांना पुन्हा वर पिटाळले आणि तिथे उभे राहून "शुभं भवतु" म्हणून यायला सांगितले. मी तिच्या मांडीला टेकून बसले आणि वरून काकांचा आवाज आला. "शुभं भवतु" हे शब्द एकामागून एक, सुटे सुटे, सात वेळा उतरून आले. मी ते बोटांवर मोजले होते.

यंदा हिवाळ्यात त्याच मोजणीसाठी पुन्हा गेले. सोलापूरहून अंतर शंभर किलोमीटरच्या आसपास आहे. वाटेत भीमा ओलांडली की कर्नाटक लागतो आणि पाट्यांवरची लिपी बदलते, पण चहाच्या टपरीवर मराठी बिनदिक्कत चालते. गावाचे सरकारी नाव 2014 पासून विजयपुर झाले असले, तरी आमच्या घरात ते विजापूरच राहिले आहे.

मुहम्मद आदिलशहाची ही कबर. त्याने 1627 ते 1656 राज्य केले आणि शहाजीराजांची चाकरी 1636 नंतर याच शहाच्या दरबारी होती. इमारतीचा स्थपती म्हणून दाभोळच्या याकूतचे नाव सांगितले जाते, म्हणजे या घुमटाचा एक धागा थेट कोकणच्या बंदरापर्यंत जातो. आत शिरल्यावर मान आपोआप वर जाते, कारण आतून सुमारे 38 मीटर व्यासाच्या या छताखाली एकही खांब नाही. एकमेकींना छेदत जाणाऱ्या कमानी चौकोनी दालनाचे कोपरे हळूहळू बुजवत नेतात आणि सगळा भार भिंतींवर उतरवतात. खाली लाकडी मेघडंबरीत दिसतात त्या केवळ प्रतिकृती आहेत. खरी थडगी तळघरात आहेत.

कोपऱ्यातल्या अष्टकोनी मनोऱ्यांमधून सात मजले चढावे लागतात. जिना अरुंद, पायऱ्या उंच, आणि शेवटच्या दोन मजल्यांवर पुढच्या माणसाच्या टाचांखेरीज काही दिसत नाही. गच्चीवर आल्यावर घुमटाच्या बुडाशी दगडी पाकळ्या दिसतात आणि त्यांच्यामधल्या लहान दारातून वाकून आतल्या सज्जात जाता येते. जायचे तर सकाळी लवकरच जावे. सहली येऊ लागल्या की शिट्ट्या आणि आरोळ्या यांचा असा काला होतो की, या इमारतीला काही म्हणायचे असले तरी ती म्हणू शकत नाही.

त्या वेळी सज्जात मी आणि समोरच्या बाजूला भिंतीला टेकून बसलेला एक म्हातारा पहारेकरी, एवढेच होतो. मी एकदा टाळी वाजवली. टाळ्यांची माळ परत आली. सातपर्यंत मोजता आले आणि पुढचे विरून गेले. मग "शुभं भवतु" म्हटले, तर नुसता घुमारा झाला, एकही अक्षर सुटे लागले नाही. तिथेच बसून हिशेब केला. आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. समोरच्या भिंतीपर्यंत जाऊन परत यायला 76 मीटर, म्हणजे सेकंदाचा पाव भागही लागत नाही. "भं" तोंडातून निघेपर्यंत "शु" परत आलेला असतो. टाळी सात वेळा सुटी ऐकू येईल, "मेलो"सुद्धा कसेबसे येईल. पण "शुभं भवतु" सात वेळा सुटे ऐकू येणे या घुमटात शक्यच नाही.

गच्चीवर येऊन काकांना फोन लावला. ते आता सत्तरीला आले आहेत.

"काका, त्या दिवशी वर जाऊन तुम्ही नेमके कसे म्हणाला होतात? थांबत थांबत?"

ते हसायलाच लागले. "अगं, मी वर गेलोच कुठे? तिसऱ्या मजल्याच्या खिडकीत बसून एक विडी ओढली आणि खाली आलो. आईला सांगितले, म्हणून आलो. तुला कुणी सांगितले मी म्हणालो म्हणून?"

कुणीच नाही. बोटांची पेरे मोजलेली मला आठवतात, सातव्या वेळी आजीने मांडीवरचा पदर झटकून उठल्याचे आठवते, आणि त्या वेळी काका तिसऱ्या मजल्यावर विडी ओढत होते.

मी पुन्हा आत गेले. भिंतीशी तोंड नेले आणि काकांचे राहिलेले काम अगदी हलक्या आवाजात उरकले. कुजबुज इथे भिंतीच्या वळणाला धरून सरकत जाते, आणि मोठ्याने ओरडल्यावर जी अक्षरे विस्कटतात ती हळू बोलल्यावर शाबूत पोहोचतात, हे बोलून झाल्यावर लक्षात आले. समोरच्या पहारेकऱ्याने मान वर केली, माझ्याकडे पाहिले आणि भिंतीकडे वळला. पुढच्या क्षणी अगदी माझ्या कानाशी, कानडी हेलात, शब्द आला, "सोलापूर?"